शेजारपाजार : सतराव्या मजल्यावरची बंद दारे

या महिन्याच्या टपालातली पत्रे लालबागपासून गिरगावापर्यंतची आहेत. लिहिणाऱ्यांची वये वेगळी, घरे वेगळी, तक्रारी वेगळ्या. परंतु प्रत्येकाला शेजाऱ्याविषयीच काही विचारायचे आहे. जागेअभावी पाच पत्रे घेतली आहेत. नावे नेहमीप्रमाणे गाळली आहेत.

प्रश्न : ताई, आम्ही लालबागच्या एका चाळीत तीन पिढ्या राहिलो. पुनर्विकासानंतर दोन वर्षांपूर्वी त्याच जागेवरच्या नव्या इमारतीत सतराव्या मजल्यावर घर मिळाले. घर मोठे आहे, संडास घरात आहे, पाण्याची ददात नाही. तरीही माझ्या ७४ वर्षांच्या सासूबाई दिवसेंदिवस गप्प होत चालल्या आहेत. मी आणि माझे यजमान दोघेही नोकरीला जातो. त्या दिवसभर खिडकीपाशी बसून असतात. “इथे कोणी गेले तर वास सुटल्याशिवाय कळायचे नाही,” असे त्या परवा म्हणाल्या आणि माझ्या पोटात गोळा आला. चाळीतली बहुतेक कुटुंबे याच इमारतीत आहेत, पण कोण कोणत्या मजल्यावर आहे हेसुद्धा आम्हाला धड ठाऊक नाही. मी काय करावे?
— एक सून, लालबाग

उत्तर : सासूबाईंना चाळीपेक्षाही चाळीतले उघडे दार अधिक आठवत असावे. ते दार उघडे का असायचे याचा आधी विचार करू, म्हणजे उपायही तिथेच सापडेल.

माझे बालपण नायगावच्या बीडीडी चाळीत गेले. १९२० च्या दशकात सरकारच्या बॉम्बे डेव्हलपमेंट डिपार्टमेंटने वरळी, नायगाव, ना. म. जोशी मार्ग आणि शिवडी येथे या २०७ इमारती बांधल्या. तळमजला धरून चार मजले, एका मजल्यावर वीस खोल्या आणि खोली १६० चौरस फुटांची. गिरगाव-लालबागच्या चाळींना असते तशी मोकळी गॅलरी आमच्याकडे नव्हती. मधून अंधारा बोळ आणि त्याच्या दोन्ही अंगांना समोरासमोर दारे. खोलीच्या एका बाजूला खिडकी आणि दुसऱ्या बाजूला दार, त्यामुळे वारा खेळायला हवा असेल तर दार उघडे टाकण्यावाचून इलाज नसे. माझी आई काही फारशी मनमिळाऊ नव्हती. तिचेही दार सकाळी सहापासून रात्री दहापर्यंत उघडेच असे, कारण मे महिन्यात ते लावले की आत भट्टी पेटल्यासारखे होई. दाराला फक्त पडदा असे, आणि पडद्याखालून जाणाऱ्या पायांवरून कोण कुठे निघाले आहे ते तिला बसल्या जागी कळत असे.

पाण्याचे तसेच. नळ ठरावीक वेळी यायचा आणि रांगेत ज्याचा हंडा दिसला नाही त्याच्या दारावर कोणीतरी थाप मारायचे. गिरण्यांच्या तीन पाळ्यांमुळे कोणाचा ना कोणाचा माणूस दिवसा झोपलेला असे, म्हणून त्याची पोरे शेजारी खेळत. अर्जावर फोन नंबर लिहायचा झाला तर मजल्यावरच्या एकुलत्या एक फोनचा ‘पीपी’ नंबर, म्हणजे शेजाऱ्याने बोलावून देण्याचा नंबर, लिहीत. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाले, त्यानंतर ज्याच्याकडे टीव्ही आला त्याच्या खोलीत रविवारी संध्याकाळी सिनेमाला निम्मा मजला मांडी घालून बसलेला असे, आणि घरमालकीण स्वतःच्या घरात दारात उभी राहून सिनेमा पाही. यात चांगुलपणा होताच, पण त्याहून जास्त गरज होती. तुमच्या नव्या घरात वारा पंख्याचा आहे, पाणी गच्चीवरच्या टाकीचे आहे आणि फोन प्रत्येकाच्या मुठीत आहे. शेजाऱ्याचे दार ठोठावण्याची सगळी निमित्ते एकदम संपली आहेत.

चाळीचे गोडवे मात्र मी गाणार नाही. त्याच उघड्या दारातून कोणाच्या मुलीला कोण भेटायला आले, कोणाच्या घरी पगार झाला नाही, कोणाची सून उशिरा आली, याचा हिशेब ठेवला जाई. तुम्हालाही त्याचा काच झाला असेल. सासूबाईंना जे हवेसे वाटते ते तुम्हाला नकोसे वाटत असेल, तर त्यात तुमचे काही चुकत नाही. म्हणून चाळ पुन्हा उभी करण्याच्या भानगडीत पडू नका. एकदोन गरजा तेवढ्या पुन्हा सामाईक करा.

पहिली गोष्ट उद्यापासून करता येईल. घराला जाळीचे सेफ्टी डोअर असेल तर दुपारी चार ते सहा आतले लाकडी दार उघडे ठेवून जाळीचे तेवढे लावून घ्यायला सासूबाईंना सांगा. लिफ्टमधून उतरणाऱ्या माणसाला आत बसलेली आजी दिसली की तो दोन दिवस मान हलवतो आणि तिसऱ्या दिवशी बोलतो. दुसरे म्हणजे, घराची जादा किल्ली मजल्यावरच्या एका घरी ठेवायला द्या आणि त्यांची आपल्याकडे मागून घ्या. किल्ली दिल्याघेतल्याने जो विश्वास तयार होतो तो दिवाळीच्या फराळाच्या ताटाने होत नाही, असा माझा अनुभव आहे.

तिसरी गोष्ट सोसायटीकडून करून घ्यावी लागेल. चाळीत भाजीवाला आणि कोळीण थेट जिन्यापर्यंत येत आणि त्या टोपलीभोवती बायकांची रोजची बैठक भरे. टॉवरचा वॉचमन त्यांना फाटकावरच अडवतो. आठवड्यातून तीन दिवस सकाळी नऊ ते अकरा या वेळेत एका भाजीवाल्याला आणि एका मासळीवालीला आवारात ठरलेल्या जागी बसू द्यावे, असा लेखी अर्ज दहापंधरा घरांच्या सह्यांनिशी समितीला द्या. मासळीच्या वासाची तक्रार येणारच. जागा धुण्याची जबाबदारी अर्जातच लिहून घेतलीत तर तिची धार बोथट होईल. सासूबाई मोबाइलवरून मागवलेल्या मेथीसाठी सतरा मजले उतरणार नाहीत, पण मेथीची जुडी स्वतः निवडून घासाघीस करायला मिळणार असेल तर उतरतील. जुन्या शेजारणी कोणत्या मजल्यावर आहेत, तेही त्यांना तिथेच कळेल.

समितीत स्त्रियांसाठी दोन जागा राखीव असतात आणि पुष्कळ सोसायट्यांत त्या भरताना कोणाच्या तरी पत्नीचे नाव न विचारता लिहिले जाते. घर सासूबाईंच्या नावावर असेल तर पुढच्या निवडणुकीत त्यांनाच उभे करा. मी हे गमतीने लिहीत नाही. चाळीचा नळ सांभाळलेल्या बाईला पाण्याचे बिल आणि सफाईचे कंत्राट मुळीच अवघड जात नाही.

एक खबरदारी घ्या. हळदीकुंकू किंवा भजन मधल्या रेफ्यूज मजल्यावर ठेवावे, असे कोणी ना कोणी सुचवेल, कारण ती जागा मोकळी, हवेशीर आणि फुकट दिसते. आगीच्या वेळी माणसांनी थांबावे म्हणून ती राखलेली असते आणि ती रिकामीच राहिली पाहिजे. कार्यक्रम तळमजल्यावर किंवा सोसायटीच्या कार्यालयात घ्या. तसेच तुम्ही दोघे बाहेर असताना सासूबाईंना कधी फारच एकटे वाटले तर हाताशी असावा म्हणून ज्येष्ठ नागरिकांसाठीचा १४५६७ हा राष्ट्रीय मदत क्रमांक मोठ्या अक्षरांत फोनजवळ लावून ठेवा. त्याखाली रुग्णवाहिकेचा १०८ आणि किल्ली दिलेल्या शेजारणीचा नंबर.

ज्या वाचकांच्या चाळी अजून पाडायच्या आहेत त्यांना याच ठिकाणी सांगते : घरांची सोडत निघण्यापूर्वी एकमेकांना धरून राहणाऱ्या चारपाच कुटुंबांना एकाच मजल्यावर ठेवण्याची मागणी सर्वसाधारण सभेत मांडा. सभेत सगळे चौरस फुटांवर आणि कॉर्पस फंडावर, म्हणजे बिल्डरकडून मिळणाऱ्या निधीवर, भांडतात. समोरच्या दारात कोण येणार, हा विषय कोणी काढत नाही आणि सोडत झाल्यावर तो काढून उपयोग नसतो.

प्रश्न : समोरचे कुटुंब चपलांचे स्टँड, सायकल आणि जुन्या वर्तमानपत्रांचे गठ्ठे पॅसेजमध्ये ठेवते. सांगितले तर म्हणतात, “आमच्या दारासमोर आहे, तुमचे काय जाते?”
— प्रभादेवी

उत्तर : पॅसेज आणि जिना सामाईक असतात, दारासमोरची जागा दारवाल्याची होत नाही. आग लागली की धुरात त्याच सायकलीला माणसे अडखळतात, त्यामुळे गठ्ठे आणि सायकल तातडीने हलवायला समितीने लेखी कळवावे. सोसायटीने एका घराला पत्र दिले तर भांडण होते, म्हणून सगळ्या मजल्यांना एकच परिपत्रक द्या आणि सचिवांच्या दारापासून सुरुवात करा. चारदोन जोड चपला मात्र मी असते तर सोडून दिल्या असत्या.

प्रश्न : लोअर परळच्या एका पुनर्विकसित आवारात आम्ही विक्रीच्या इमारतीत घर घेतले. शेजारच्या पुनर्वसन इमारतीत पूर्वीच्या चाळीतले लोक राहतात आणि त्यांचा जुना सार्वजनिक गणपती आहे. मंडप आतल्या सामाईक रस्त्यावर येतो, आवाज रात्री उशिरापर्यंत चालतो आणि आमच्याकडे दर घरी पाच हजार रुपये वर्गणी मागितली जाते. मागच्या वर्षी माझे यजमान बोलायला गेले तर शब्दाला शब्द वाढला आणि आता फाटकावर कोणी ओळखसुद्धा दाखवत नाही. आम्हीही मराठीच आहोत, घरी आमचाही दीड दिवसाचा गणपती असतो. विरोध गणपतीला नाही.
— लोअर परळ

उत्तर : नियमांचे आधी उरकते. वर्गणी ऐच्छिक असते. ती कोणी ठरवून लादू शकत नाही आणि सोसायटीच्या मासिक बिलातही घालू नये. सार्वजनिक वर्गणी गोळा करणाऱ्या मंडळाची धर्मादाय आयुक्तांकडे नोंदणी तरी असावी लागते किंवा तात्पुरती परवानगी तरी. ध्वनिक्षेपक रात्री दहा ते सकाळी सहा बंद ठेवावा लागतो. वर्षातले जे मोजके दिवस शासन बारापर्यंत सूट देते ते आधी जाहीर होतात, यादी मागून घ्या. निवासी भागात आवाजाची मर्यादा दिवसा ५५ आणि रात्री ४५ डेसिबल आहे. ढोलपथक उभे राहिले की ती कुठल्या कुठे जाते, हे मंडळालाही ठाऊक असते. मंडप कितीही मोठा असो, अग्निशमन बंबाची वाट अडता कामा नये. यावर तडजोड नको.

आता नियमांपलीकडचे. मुंबईत चाळीचा सार्वजनिक गणपती १८९३ साली गिरगावच्या केशवजी नाईक चाळीत बसला, तेव्हापासून तो चाळीचा हजेरीपटच झाला आहे. जे बदलापूरला, विरारला गेले, जे १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या गिरणी संपानंतर गावी परतले, तेही वर्षातून एकदा याच मंडपात येऊन उभे राहतात आणि त्या दिवसापुरते पुन्हा अमक्या नंबरच्या खोलीतले होतात. तुमच्या इमारतीच्या जागी कदाचित त्यांचा जुना मंडप होता. आज त्याच आवारात दोन फाटके, दोन लिफ्ट आणि दोन तऱ्हेची माणसे झाली आहेत. यजमान बोलायला गेले ते बहुधा उत्सव चालू असताना, आवाज असह्य झाल्यावर गेले असणार. त्या घटकेला कोणताही कार्यकर्ता ऐकून घेत नाही, कारण चार रात्री तो झोपलेला नसतो आणि त्याच्या मागे दहा पोरे उभी असतात.

मंडळाची बैठक आषाढ-श्रावणात होते. तिला यजमानांनी जावे, मागच्या वर्षीचा जमाखर्च मागावा आणि तो पाहून आपल्याला झेपेल तेवढी वर्गणी पावती घेऊन द्यावी. त्याच बैठकीत मंडपाची आखणी खडूने रस्त्यावर करून घ्यावी, म्हणजे बंबाची वाट किती उरते ते सगळ्यांना डोळ्यांनी दिसेल. विक्रीच्या इमारतीकडे एका दिवसाच्या प्रसादाची किंवा मुलांच्या चित्रकला स्पर्धेची जबाबदारी मागून घ्या. नुसते पैसे देणाऱ्याला मंडळ पावती देते. उष्ट्या पत्रावळी उचलणाऱ्याला पुढच्या वर्षी बोलावणे येते. पाच हजारांचा आकडा तेवढा मला स्वतःला उद्धट वाटतो, आणि तसे बैठकीत शांतपणे म्हणायला हरकत नाही.

प्रश्न : आम्ही दोघी रत्नागिरीच्या, परळच्या एका रुग्णालयात परिचारिका आहोत. जवळच्या एका सोसायटीत भाड्याने जागा ठरली, टोकनही दिले. मग सचिवांनी मालकांना कळवले की ‘बॅचलर मुलींना’ जागा द्यायची नाही असा ठराव आहे, शिवाय रात्रपाळीमुळे वेळीअवेळी येणेजाणे होईल. मालक आता चालढकल करीत आहेत. दुसऱ्या एका ठिकाणी सोसायटी दरमहा दुप्पट मेंटेनन्स घेईल असे सांगितले. हे बरोबर आहे का?
— दोघी, परळ

उत्तर : मुळीच नाही. सहकार खात्याच्या आदर्श उपविधींनुसार सभासदाला आपली सदनिका लिव्ह अँड लायसन्सने (ठरावीक मुदतीच्या करारावर भाड्याने) देण्यासाठी सोसायटीची पूर्वपरवानगी लागत नाही. आगाऊ कळवावे लागते आणि कराराची प्रत व पोलिसांना दिलेल्या माहितीची प्रत सादर करावी लागते. लग्न झालेले नाही, हे नकाराचे कारण होऊ शकत नाही. दुप्पट मेंटेनन्सचे म्हणाल तर बिनवापर शुल्क, म्हणजे मालक स्वतः न राहता जागा भाड्याने देतो म्हणून घेतलेली जादा रक्कम, सेवाशुल्काच्या दहा टक्क्यांहून अधिक घेता येत नाही, त्या सेवाशुल्कात महापालिकेचे कर धरायचे नसतात, आणि ते भरायचे मालकाने. हा शासनाचा आदेश २००१ चा आहे, पण सचिवांच्या कपाटात तो सहसा सापडत नाही. करार नोंदणीकृतच करा. १९९९ च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्याने त्याची जबाबदारी मालकावर टाकली आहे.

परळच्या माणसांनी हे करावे याचा मला राग येतो. हा भाग एकट्या माणसांनीच वसवला. बायकामुले गावी ठेवून आलेले गिरणीकामगार एकेका खोलीत पाळीपाळीने झोपत, गावकीच्या (एका गावच्या लोकांनी मिळून घेतलेल्या) खोल्यांत गाठोडी ठेवत आणि खाणावळीच्या डब्यावर दिवस काढत. त्या खाणावळी चालवणाऱ्या बायकांची संघटना, अन्नपूर्णा महिला मंडळ, १९७५ साली प्रेमा पुरव यांनी उभी केली. रात्रपाळीचे येणेजाणे तेव्हा दर मजल्यावर होते आणि भोंगा झाला की अख्खी चाळ जागी होई. त्या कामगारांची नातवंडे आज समितीत बसतात आणि रात्रपाळीहून येणाऱ्या परिचारिकेला वेळीअवेळी येणारी म्हणतात.

पण तुम्हाला तिथे राहायचे आहे, नुसते जिंकायचे नाही. मालकांना सोबत घेऊन समितीला भेटा, रुग्णालयाचे ओळखपत्र आणि पाळ्यांचे वेळापत्रक दाखवा. मी पाहिले आहे की मजल्यावर परिचारिका राहते हे कळले की महिन्याभरात रक्तदाब मोजून घ्यायला म्हातारी माणसे दार ठोठावतात. तेव्हा मात्र वेळीअवेळी कोण कोणाकडे येते, याचा हिशेब कोणी ठेवत नाही. तुम्हालाच एक मर्यादा आखून घ्यावी लागेल. रात्रपाळीनंतर झोपायचे असेल तेव्हा दारावर तशी चिठ्ठी लावायला संकोच करू नका.

प्रश्न : मी ७२ वर्षांचा आहे. गिरगावातल्या आमच्या पागडीच्या (एकरकमी पैसे भरून नाममात्र भाड्याने घेतलेल्या) चाळीत २८ खोल्या आहेत आणि रात्री दिवे लागतात फक्त ११ खोल्यांत. बाकीचे विरार, डोंबिवली, पुण्याला गेले. जिन्याचा दिवा, गच्चीची सफाई, टाकी धुणे यांचे पैसे आम्हीच भरतो. पुनर्विकासाची बोलणी निघाली की सगळे फोनवर हजर होतात. भाड्याची पावती अजून माझ्या दिवंगत वडिलांच्या नावाने येते. मेट्रो दाराशी आली, पण माणसे येत नाहीत.
— गिरगाव

उत्तर : आधी तुमची स्वतःची पावती. भाडेकरूच्या निधनाच्या वेळी त्याच्यासोबत राहणाऱ्या कुटुंबीयाला १९९९ च्या कायद्यानुसार भाडेकरूचा हक्क मिळतो. वडील गेले त्या वेळची शिधापत्रिका, मतदार यादीतले नाव, वीजबिल आणि मृत्यूचा दाखला जोडून पावती आपल्या नावे करण्याची लेखी मागणी घरमालकाकडे करा. भावंडे असतील तर त्यांची संमतिपत्रे आताच घ्या, बोलणी रंगात आल्यावर ती महाग पडतात.

आता बंद खोल्यांविषयी. सबळ कारण नसताना भाड्याची जागा सलग सहा महिने वापरात नसेल, तर घरमालक त्या कारणावरून ती परत मिळवण्यासाठी दावा करू शकतो, हे विरार-डोंबिवलीच्या मंडळींना बहुधा ठाऊक नसते. ही धमकी म्हणून त्यांना कळवू नका. तुमच्याच हिताचे आहे असे म्हणून कळवा, कारण ते खरोखर त्यांच्या हिताचे आहे. खोली उघडायची, एक रात्र राहायचे, वीज आणि पाणी वापरायचे. महिन्यातला एक शनिवार प्रत्येकाने ठरवून घेतला तरी १७ बंद खोल्यांमुळे दर शनिवारी तीनचार जादा दिवे लागतील आणि जिन्यावर पायांचा आवाज होईल. जिन्याच्या दिव्याचा आणि टाकीचा खर्च २८ ने भागून मागील वर्षभराचा तक्ता करा. तो न भरणाऱ्याचे नाव घेऊन चिडण्यापेक्षा तक्ता नोटीस बोर्डावर लावलेला बरा. उपकरप्राप्त, म्हणजे दुरुस्तीसाठी उपकर भरणाऱ्या जुन्या, इमारतींची पाहणी म्हाडा दर वर्षी पावसाळ्यापूर्वी करते. त्या पाहणीच्या दिवशी सगळ्या खोल्यांची दारे उघडी हवीत, हे त्यांना येण्यासाठी आणखी एक निमित्त.

फोनवर हे कोणी मनावर घेणार नाही. कागदावर लिहा, १७ प्रती काढा आणि प्रत्येक चिठ्ठीला त्या त्या खोलीच्या भाड्याच्या शेवटच्या पावतीची झेरॉक्स जोडा.